मराठी चर्चा-संकेतस्थळे

मराठी चर्चा-संकेतस्थळे म्हणजे सदस्यांनी स्वतः लिहिलेले लेख, प्रश्न, कविता, पाककृती आणि त्यांवरील प्रतिसाद यांतून घडलेली, प्रामुख्याने मराठी भाषेत चालणारी आंतरजालावरील खुली व्यासपीठे होत. १९९६ मध्ये सुरू झालेले 'मायबोली' हे आजही चालू असलेल्या अशा संकेतस्थळांपैकी सर्वांत जुने होय. त्यानंतर 'मनोगत' (२००४), 'उपक्रम' (२००७), 'मिसळपाव' (२००७) आणि 'ऐसी अक्षरे' (२०११) ही संकेतस्थळे नावारूपाला आली. साधारणतः २००४ ते २०१४ हा या संकेतस्थळांच्या भरभराटीचा काळ मानता येतो. त्यानंतर समाजमाध्यमे, स्मार्टफोन व बंदिस्त संदेशगट यांचा प्रसार झाला आणि त्यांच्यावरील वावर ओसरत गेला.

या संकेतस्थळांची रचना, परिभाषा आणि उत्सव यांचे मुंबईतील गिरगाव, ठाकूरद्वार, दादर, परळ, लालबाग अशा वस्त्यांतील वाडी-चाळींच्या सार्वजनिक जीवनाशी जवळचे साधर्म्य आहे. कट्टा, गणेशोत्सव, स्पर्धा आणि दिवाळी अंक या जुन्या संस्थांना येथे नवे रूप मिळाले. चाळीतील सार्वजनिक जीवन आणि ही संकेतस्थळे या दोहोंच्या ओहोटीतही काही समान धागे आढळतात.

नाव व स्वरूप

अशा स्थळांना मराठीत 'संकेतस्थळ', 'संस्थळ', 'मराठी आंतरजाल' किंवा नुसते 'जाल' असे म्हटले जाते. वैयक्तिक अनुदिनीत लेखक एक व वाचक अनेक असतात. चर्चा-संकेतस्थळावर प्रत्येक सदस्य लेखक आणि प्रतिसादकही असतो. वृत्तपत्रांच्या संकेतस्थळांपेक्षाही ती वेगळी आहेत, कारण त्यांवरील बहुतेक सर्व मजकूर सदस्यांनी विनामोबदला लिहिलेला असतो.

त्यांची तीन लक्षणे सांगता येतात. पहिले, बहुतांश लेखन सदस्य नसलेल्या वाचकालाही खुले असते. दुसरे, जुने लेखन विषयवार किंवा लेखकवार साठून राहते आणि शोधता येते. तिसरे, परस्परांना न ओळखणारी माणसे समान विषयामुळे एकत्र येतात. पुढील काळात लोकप्रिय झालेल्या संदेशगटांत ही तिन्ही लक्षणे अभावानेच आढळतात. त्यामुळे या संकेतस्थळांच्या ऱ्हासाचा विचार करताना ती विशेष महत्त्वाची ठरतात.

पूर्वपीठिका : वाडी, चाळ आणि कट्टा

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून दक्षिण व मध्य मुंबईतील मराठी वस्ती मुख्यतः चाळींत आणि वाड्यांत राहत आली. गिरगावातील ठाकूरद्वार नाक्याभोवतीच्या झावबावाडी, जितेकरवाडी, फणसवाडी, खटाववाडी, केळेवाडी अशा वाड्यांत एकेका खोलीत अख्खे कुटुंब राहत असे. खोली लहान असल्याने जीवनाचा मोठा भाग घराबाहेर, म्हणजे सामाईक गॅलरीत, जिन्यावर, चौकात आणि वाडीच्या तोंडाशी असलेल्या कट्ट्यावर जाई. मंडळाचा फळा, सार्वजनिक नळ, नाक्यावरचे इराण्याचे हॉटेल आणि मोफत वाचनालय ही बातमी मिळण्याची व मत मांडण्याची ठिकाणे होती.

या जीवनातून अनेक संस्था उभ्या राहिल्या. गिरगावातील केशवजी नाईक चाळींत १८९३ मध्ये सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाला. १८९८ मध्ये स्थापन झालेल्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयाने पुढे शहराच्या निरनिराळ्या भागांत शाखा काढल्या. काशिनाथ रघुनाथ मित्र यांच्या 'मनोरंजन' मासिकाने १९०९ मध्ये मुंबईतून दिवाळी अंक काढला आणि मराठीत दिवाळी अंकांची परंपरा रूढ झाली. १९३५ मध्ये मुंबई मराठी साहित्य संघाची स्थापना झाली. संघाचे नाट्यगृह गिरगावात केळेवाडीत आहे. 'मौज'सारखी प्रकाशनसंस्था खटाववाडीतून काम करीत असे. पु. ल. देशपांडे यांच्या 'बटाट्याची चाळ' (१९५८) या पुस्तकाने चाळजीवनाचे चित्र मराठी वाचकांच्या मनात कायमचे ठसवले.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कुटुंबे वाढली, खोल्या अपुऱ्या पडू लागल्या आणि पुढील पिढी डोंबिवली, ठाणे, बोरिवली, विरार अशा उपनगरांत, तसेच पुणे आणि परदेशी जाऊ लागली. भाडेनियंत्रण कायद्यामुळे गोठलेली भाडी आणि रखडलेली दुरुस्ती यांमुळे अनेक चाळी मोडकळीस आल्या व त्यांच्या जागी उंच इमारती येऊ लागल्या. दार बंद ठेवणाऱ्या सदनिकेत गॅलरी आणि कट्टा उरला नाही. पांगलेल्या या मध्यमवर्गातील संगणक वापरणारी पिढी पुढे मराठी संकेतस्थळांच्या वाचक-लेखकांत मोठ्या प्रमाणावर दिसते.

आरंभ

आंतरजालावरील दक्षिण आशियाई चर्चेची सुरुवात युजनेट या वृत्तगटांच्या जाळ्यावर झाली. १९८०च्या दशकात तेथे भारतीयांचा 'सॉक.कल्चर.इंडियन' हा गट होता. पुढे भाषावार गट निघाले व 'सॉक.कल्चर.इंडियन.मराठी' हा त्यांपैकी एक होता. लिहिणारे बहुधा अमेरिकेतील विद्यापीठांत शिकणारे किंवा संगणकक्षेत्रात काम करणारे भारतीय असत. लिपी रोमन असे आणि भाषा मराठी-इंग्रजी मिश्र असे. उत्तर अमेरिकेतील महाराष्ट्र मंडळे आणि त्यांची १९८१ मध्ये स्थापन झालेली शिखरसंस्था बृहन्महाराष्ट्र मंडळ यांच्यामुळे तेथील मराठी माणसांचा परस्परसंपर्क आधीच होता. वृत्तगटांमुळे तो संपर्क रोजचा झाला.

भारतात सर्वसामान्यांसाठी आंतरजाल सेवा १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगम मर्यादित या सरकारी कंपनीने सुरू केली. आरंभीच्या शहरांत मुंबईचा समावेश होता. दूरध्वनीच्या तारेवरून चालणारी ही जोडणी सेकंदाला ९.६ किलोबिट इतक्या वेगाची आणि सामान्य कुटुंबाला न परवडणारी होती. १९९८च्या अखेरीस खासगी कंपन्यांना सेवा देण्याची मुभा मिळाली, दर उतरले आणि शहरांतील नाक्यानाक्यावर सायबर कॅफे दिसू लागले.

गणेश चतुर्थीच्या दिवशी, १६ सप्टेंबर १९९६ रोजी, अमेरिकेत राहणारे अजय गल्लेवाले यांनी 'मायबोली' सुरू केली. तिचा 'हितगुज' हा चर्चाविभाग लवकरच लोकप्रिय झाला. गाव, शहर, छंद, पाककृती, पुस्तके, बालसंगोपन, व्हिसाविषयक अडचणी असे विषयवार विभाग तेथे पडले. परदेशात नव्याने गेलेल्या माणसाला भाड्याच्या घरापासून मोदकाच्या उकडीपर्यंत कोणताही प्रश्न स्वतःच्या भाषेत विचारता येऊ लागला. ही या संकेतस्थळांची मूळ उपयुक्तता होती.

लिपीचा प्रश्न

मराठी संकेतस्थळांच्या वाढीतील सर्वांत मोठा तांत्रिक अडसर लिपीचा होता. भारतीय लिप्यांसाठी 'इस्की' हे राष्ट्रीय प्रमाणक १९९१ मध्ये निश्चित झाले होते. तथापि छपाईच्या व्यवसायात वेगवेगळ्या कंपन्यांचे टंक चालत आणि एका टंकातील मजकूर दुसऱ्या टंकात निरर्थक चिन्हांच्या रूपात दिसे. वाचकाच्या संगणकावर नेमका तोच टंक नसेल तर पान वाचता येत नसे. रोमन अक्षरांतून देवनागरी लिहिण्याची 'आयट्रान्स'सारखी पद्धत आणि १९९८ मध्ये आलेली 'बरहा' ही प्रणाली यांनी काही प्रमाणात मार्ग काढला.

युनिकोड प्रमाणकाच्या १९९१ मधील पहिल्या आवृत्तीत देवनागरीचा समावेश होता, परंतु सामान्य वापरकर्त्याला त्याचा लाभ विंडोज २००० व विंडोज एक्सपी या प्रणालींनंतरच मिळाला. पानावरच उच्चारानुसारी टंकलेखनाची सोय देणाऱ्या 'गमभन'सारख्या साधनांमुळे वेगळी प्रणाली बसविण्याची गरज उरली नाही. रोमन कळफलकावर उच्चाराप्रमाणे अक्षरे दाबली की पडद्यावर देवनागरी शब्द उमटे. शाळा सुटल्यापासून मराठीत पत्रापलीकडे काही न लिहिलेल्या अनेकांनी याच सोयीमुळे लेखन सुरू केले. १ मे २००३ रोजी सुरू झालेल्या मराठी विकिपीडियाच्या वाढीलाही हीच परिस्थिती उपकारक ठरली.

भरभराटीचा काळ

'मनोगत' हे संकेतस्थळ २००४ मध्ये सुरू झाले. संपूर्ण देवनागरी लेखन, शुद्धलेखनाचा आग्रह आणि रोमन अक्षरांच्या वापरावरील मर्यादा ही त्याची वैशिष्ट्ये होती. लेखन प्रकाशित करण्यापूर्वी ते तपासण्यासाठी तेथे शुद्धिचिकित्सकाची सोय होती. गझल, भाषांतर, शब्दकोडी व व्याकरणविषयक चर्चा तेथे विशेष रंगत.

'उपक्रम' २००७ मध्ये माहितीपूर्ण लेखनासाठी सुरू झाले. ललित साहित्याला तेथे स्थान नव्हते. इतिहास, भाषाशास्त्र, विज्ञान, गणित, नाणेशास्त्र, प्रवास अशा विषयांवर तेथे दीर्घ चर्चा होत आणि विधानाला आधार मागण्याची प्रथा होती.

त्याच वर्षी ठाण्याचे चंद्रशेखर अभ्यंकर, म्हणजे जालावरील 'तात्या', यांनी 'मिसळपाव' सुरू केले. गिरगाव-दादर-ठाण्याच्या उपाहारगृहांतील लोकप्रिय पदार्थाचे नाव घेतलेल्या या स्थळाचा सूर मोकळा आणि गप्पिष्ट होता. शुद्धलेखनाचा धाक नको, बोलतो तसे लिहावे, या भूमिकेमुळे तेथे झपाट्याने सदस्य जमले. व्यक्तिचित्रे, संगीतविषयक लेखन, प्रवासवर्णने, विडंबने आणि पाककृती हे तेथील लोकप्रिय प्रकार होत.

'ऐसी अक्षरे' २०११ मध्ये सुरू झाले. त्याचे नाव ज्ञानेश्वरीतील प्रसिद्ध ओवीवरून घेतलेले आहे. प्रतिसादांना 'मार्मिक', 'रोचक', 'माहितीपूर्ण', 'विनोदी', 'अवांतर', 'खोडसाळ', 'भडकाऊ' अशा श्रेणी देण्याची व्यवस्था हे त्याचे वैशिष्ट्य आहे. संपादकाने प्रतिसाद उडविण्याऐवजी सदस्यांनीच त्याची प्रत ठरवावी, असा त्यामागील विचार होता.

अनेक सदस्य एकाच वेळी दोन-तीन संकेतस्थळांवर लिहीत. एका स्थळावरील वादातून बाहेर पडलेल्यांनी दुसऱ्या स्थळावर आसरा घेणे, किंवा नवे स्थळ काढणे, हेही घडत असे. स्थळांच्या स्वभावातील फरकामुळे 'माबोकर', 'मनोगती', 'उपक्रमी', 'मिपाकर', 'ऐसीकर' अशी संबोधने रूढ झाली.

कार्यपद्धती

सदस्याने सुरू केलेल्या लेखाला किंवा प्रश्नाला 'धागा' म्हणतात. त्याखाली प्रतिसाद व उपप्रतिसाद येतात. नवा प्रतिसाद आला की धागा पुन्हा वर येतो. त्यामुळे एखादा जुना धागा कित्येक वर्षांनी जिवंत होणे शक्य असते. याउलट 'वाहते पान' या प्रकारात जुने संदेश आपोआप पुसले जातात. रोजच्या हालहवालासाठी असलेल्या अशा पानांवर गावाच्या किंवा शहराच्या नावाने मंडळी जमत.

बहुतेक सदस्य टोपणनावाने वावरतात. या नावाला 'आयडी' म्हणतात. टोपणनावामुळे स्त्रियांना, सरकारी नोकरांना आणि नवख्या लेखकांना मोकळेपणा मिळाला. दुसरीकडे एकाच व्यक्तीने अनेक नावे घेऊन वाद पेटविण्याचे प्रकारही झाले. मायबोलीवर केवळ स्त्रियांसाठी 'संयुक्ता' हा गट काढण्यात आला होता.

व्यवस्थापन मालक किंवा चालक, संपादक मंडळ आणि मदत समिती यांच्याकडे असते. संपादकांचे काम बहुधा विनावेतन चालते. व्यक्तिगत चिखलफेक काढून टाकणे, वाङ्मयचौर्याची तक्रार तपासणे, नवख्यांना टंकलेखन शिकवणे आणि सदस्यत्व स्थगित करणे ही त्यांची कामे होत. कोणता प्रतिसाद उडवावा व कोणता ठेवावा, हा सर्वच संकेतस्थळांवरील कायमचा वादविषय राहिला आहे.

परिभाषा

या संकेतस्थळांवर मराठीत एक स्वतंत्र बोली तयार झाली. तिचे काही नमुने पुढीलप्रमाणे आहेत :

• व्यनि : व्यक्तिगत निरोप.
• खव : खरडवही. सदस्याच्या पानावर इतरांनी संदेश लिहिण्याची जागा.
• डुआयडी : एकाच व्यक्तीने घेतलेले दुसरे टोपणनाव.
• वाचनमात्र : लेखन न करता केवळ वाचणारा सदस्य, किंवा प्रतिसाद बंद केलेला धागा.
• पुलेशु : पुढील लेखनास शुभेच्छा.
• हघ्या : हलके घ्या.
• हहपुवा : हसून हसून पुरेवाट.
• जिलबी पाडणे : घाईने किंवा वारंवार फुटकळ लेखन प्रसिद्ध करणे.
• शतकी धागा : शंभर प्रतिसाद मिळालेला धागा.

यांच्याबरोबर 'दुवा', 'विदा', 'टंकणे', 'प्रतिसाद', 'सदस्यनाम', 'अवांतर' असे शब्द संगणकीय अर्थाने नित्य वापरात आले. कोणत्याही शासकीय समितीने न लादता सदस्यांच्या वापरातून रुळलेली ही परिभाषा मराठीच्या अलीकडील शब्दघडणीचे महत्त्वाचे उदाहरण होय.

कट्टे, उत्सव आणि दिवाळी अंक

सदस्यांच्या प्रत्यक्ष भेटीला मिसळपाववर 'कट्टा' आणि मायबोलीवर 'गटग' म्हणतात. मुंबई, ठाणे, पुणे, नाशिक, तसेच अमेरिकेतील शहरांत असे मेळावे होत आले. मायबोलीकरांची पावसाळी सहल 'वर्षाविहार' अथवा 'ववि' या नावाने ओळखली जाते.

मायबोलीवर दरवर्षी गणेशोत्सव साजरा होतो. त्यासाठी स्वयंसेवकांचे संयोजक मंडळ नेमले जाते व पाककृती, लेखन, चित्रकला, लहान मुलांचे उपक्रम अशा स्पर्धा घेतल्या जातात. वाडीतील मंडळाच्या कार्यक्रमपत्रिकेशी याचे साम्य सहज लक्षात येते. २७ फेब्रुवारीच्या मराठी भाषा दिनानिमित्तही उपक्रम होतात. गिरगावात आरतीला जमणारी कुटुंबे जशी उत्सवापुरती जुन्या चाळीत परत येतात, तसे एरवी न लिहिणारे जुने सदस्य या दिवसांत संकेतस्थळावर परततात.

मायबोली, मनोगत, मिसळपाव आणि ऐसी अक्षरे या चारही संकेतस्थळांनी दिवाळी अंक काढले. संपादन, मुद्रितशोधन, चित्रे आणि सजावट ही कामे निरनिराळ्या देशांत राहणारे सदस्य वाटून घेत. कागद व वितरण यांचा खर्च नसल्याने या अंकांना पृष्ठसंख्येचे बंधन नव्हते आणि ते जगभरातील वाचकाला विनामूल्य उपलब्ध होते. विशिष्ट विषयाला वाहिलेले विभाग, दीर्घ मुलाखती व भाषांतरे यांमुळे त्यांतील काही अंक छापील अंकांच्या तोडीचे मानले गेले.

ऱ्हासाची कारणे

समाजमाध्यमांचा उदय. ऑर्कुट २००४ मध्ये सुरू झाले व भारतात लोकप्रिय झाले. त्यावर मराठी समुदायही होते. ३० सप्टेंबर २०१४ रोजी ते बंद झाले. तोवर फेसबुकने त्याची जागा घेतली होती. तेथे लेखकाला आपल्या परिचितांचा वाचकवर्ग तयार मिळे आणि दाद तत्काळ मिळे. संकेतस्थळावर अनोळखी वाचकांच्या कसोटीला उतरावे लागे. अनेक चांगले लेखक या काळात फेसबुककडे वळले.

स्मार्टफोन आणि बंदिस्त गट. २०१६ च्या सप्टेंबरमध्ये जिओची सेवा सुरू झाल्यानंतर भारतात मोबाइल आंतरजाल अतिशय स्वस्त झाले. मराठी कळफलक प्रत्येकाच्या फोनवर आला. टंकलेखनाचा जो प्रश्न संकेतस्थळांनी मोठ्या कष्टाने सोडवला होता, तो सर्वांसाठी सुटला तेव्हा संवाद व्हॉट्सॲपकडे गेला. व्हॉट्सॲपच्या गटातील सदस्यमर्यादा २०१६ मध्ये २५६ आणि २०२२ मध्ये १,०२४ झाली. शाळेची तुकडी, सोसायटी, नातेवाईक असे परिचितांचे गट घरोघरी तयार झाले. जुन्या संकेतस्थळांची मांडणी मोठ्या पडद्यासाठी केलेली असल्याने फोनवर ती गैरसोयीची वाटे.

मनुष्यबळ व खर्च. सर्व्हरचे भाडे, आज्ञावलीच्या नव्या आवृत्त्या, जाहिरातबाज संदेशांचा उपद्रव आणि जुन्या लेखनाचे स्थलांतर ही कामे एखाद-दुसऱ्या व्यक्तीच्या खांद्यावर असत. नोकरी व संसार सांभाळून ती वर्षानुवर्षे करणे कठीण होते. चालक थकला की स्थळ थंडावे. 'उपक्रम' पुढे थांबले, 'मनोगत'वरील वावर मंदावला.

कायदेशीर जोखीम. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० मधील कलम ७९ नुसार सदस्यांच्या लेखनाबाबत चालकाला सशर्त संरक्षण आहे. २०११ च्या नियमांनी तक्रारीनंतर ३६ तासांत कार्यवाहीची अपेक्षा ठेवली. नोव्हेंबर २०१२ मध्ये बाळासाहेब ठाकरे यांच्या निधनानंतर पाळण्यात आलेल्या बंदविषयी फेसबुकवर मत व्यक्त केल्याबद्दल पालघर येथे दोन तरुणींना अटक झाली. या घटनेनंतर दाखल झालेल्या 'श्रेया सिंघल' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २४ मार्च २०१५ रोजी कलम ६६अ घटनाबाह्य ठरवले. २०२१ च्या नियमांनी तक्रार निवारण अधिकारी व ठरावीक मुदती यांची तरतूद केली. मोठ्या कंपन्यांना हा भार पेलता येतो. घरून स्थळ चालविणाऱ्या स्वयंसेवकाला राजकीय किंवा धार्मिक विषयावरील प्रत्येक तापलेला धागा म्हणजे चिंता असते.

अंतर्गत कलह. संपादनातील पक्षपाताचे आरोप, गटबाजी आणि वाढते राजकीय ध्रुवीकरण यांमुळे अनेक सदस्य दुरावले. जुन्या सदस्यांतील थट्टा-मस्करी व संक्षेपांची बोली नवख्याला परकी वाटे. नवे सदस्य येण्याचे प्रमाण घटले आणि उरलेल्यांचे वय वाढत गेले.

चाळींशी तुलना

ठाकूरद्वारसारख्या वस्तीतील कट्टा आणि संकेतस्थळ यांची तुलना काही मर्यादेपर्यंतच करता येते. चाळीत शेजार निवडता येत नसे. संकेतस्थळावर सदस्य आपणहून येतो व हवे तेव्हा निघून जातो. चाळीत माणूस नावागावासह ओळखला जाई, जालावर तो टोपणनावाने वावरतो. तरीही दोन्ही ठिकाणी संवाद चव्हाट्यावर होता, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकू येणारा होता. भांडणात तिसरा माणूस मध्ये पडू शके आणि चुकीची माहिती देणाऱ्याला कोणीतरी टोके.

चाळीतून सदनिकेत गेलेल्या कुटुंबाला जागा, पाणी आणि खासगीपण मिळाले. खुल्या धाग्यावरून संदेशगटात गेलेल्या सदस्याला सोय, वेग आणि परिचितांची सोबत मिळाली. दोन्ही स्थित्यंतरे माणसांनी बहुधा स्वतःच्या सोयीसाठी स्वीकारली, म्हणूनच ती थोपवणे कठीण होते. दोन्ही वेळी गमावले ते सामाईक अंगण. त्याची देखभाल सर्वांची होती आणि मालकी कोणा एकाची नव्हती, अशी सदस्यांची भावना होती. वस्तुतः चाळीला मालक होता आणि संकेतस्थळालाही चालक होता, ही गोष्ट दोन्हीकडे अंगण मोडताना प्रकर्षाने जाणवली.

दक्षिण आशियातील समांतर उदाहरणे

अशीच वाटचाल उपखंडातील इतर भाषांतही दिसते. बांगलादेशात डिसेंबर २००५ मध्ये 'सामहोयेअर इन ब्लॉग' हे बंगाली सामूहिक लेखनाचे संकेतस्थळ सुरू झाले आणि २००७ मध्ये 'सचलायतन' निघाले. तमिळमध्ये 'तमिळमणम'सारख्या संकलकाभोवती लेखकांचा समुदाय जमला. श्रीलंकेतील 'एलकिरि' हे चर्चास्थळ सिंहली तरुणांत लोकप्रिय झाले. इंग्रजीतून चालणाऱ्या भारतीय स्थळांपैकी 'रेडिफ' व 'सुलेखा' यांच्या चर्चाविभागांनी १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धात अनिवासी भारतीयांना एकत्र आणले. मोटारींविषयीचे मुंबईतील 'टीम-बीएचपी' (२००४) मात्र टिकून राहिले. एकाच विषयावर सखोल, तपासून घेतलेली माहिती साठवणाऱ्या स्थळाला संदेशगट पर्याय ठरत नाही, हे त्यावरून दिसते.

टीका

मराठी संकेतस्थळांवरील समाज प्रामुख्याने शहरी, सुशिक्षित आणि मध्यम वा उच्च मध्यमवर्गीय होता. संगणक, आंतरजाल आणि कार्यालयातील फावला वेळ ज्यांच्याकडे होता त्यांनाच आरंभी प्रवेश शक्य होता. ग्रामीण, दलित, आदिवासी व श्रमिक समाजांतील अनुभव तेथे तुलनेने कमी आले आणि प्रमाणभाषेच्या आग्रहामुळे बोलीभाषांत लिहिणाऱ्यांना काहीवेळा उपहास सोसावा लागला. या दृष्टीने कामगारवस्तीतील कट्टा अधिक सर्वसमावेशक नसला तरी निराळ्या थरातला होता. स्वस्त मोबाइल आंतरजालामुळे समाजमाध्यमांवर मराठी लिहिणाऱ्यांचा सामाजिक पाया कितीतरी रुंदावला, हे त्या माध्यमांच्या बाजूने नोंदवावे लागते.

सद्यःस्थिती आणि जतन

मायबोली, मिसळपाव आणि ऐसी अक्षरे ही संकेतस्थळे आजही चालू आहेत. पाककृती, प्रवास, आरोग्य आणि पुस्तके यांविषयीचे त्यांवरील जुने धागे शोधयंत्रांतून वाचकांना सापडतात. दिवाळी अंक व विशेषांक यांची परंपराही पूर्णतः खंडित झालेली नाही.

मुख्य प्रश्न साठलेल्या लेखनाच्या जतनाचा आहे. २००९ मध्ये 'जिओसिटीज'ची, तर डिसेंबर २०२० मध्ये 'याहू ग्रुप्स'ची सेवा बंद झाली आणि त्यांवरील असंख्य लहान समुदायांचे लेखन नाहीसे झाले. छापील दिवाळी अंक रद्दीत गेला तरी त्याची एखादी प्रत ग्रंथालयात राहते. संकेतस्थळाचे नूतनीकरण चुकले तर एका रात्रीत सर्व प्रती जातात. इंटरनेट अर्काइव्ह ही संस्था १९९६ पासून जगातील पानांच्या प्रती साठवते, परंतु सदस्यांनाच दिसणारी पाने आणि जुन्या टंकांतील मजकूर अशा संग्रहात नीट उतरत नाही. टोपणनावाने लिहिलेल्या मजकुराचे हक्क कोणाचे, आणि दिवंगत सदस्याच्या लेखनाचे काय करावे, हेही प्रश्न त्यात गुंतलेले आहेत.

परदेशी गेलेल्या पहिल्या पिढीची घरे, चाळी सोडतानाच्या आठवणी, गिरणीसंपानंतरचे लालबाग-परळ, १९९० व २००० च्या दशकांतील नोकरी, लग्न, आजारपण, मुलांची भाषा अशा अनेक गोष्टी सामान्य माणसांनी या धाग्यांत लिहून ठेवल्या आहेत. वृत्तपत्रांत किंवा पुस्तकांत सहसा न येणारा हा मजकूर भाषा आणि समाज यांच्या अभ्यासकांसाठी मौलिक साधन आहे. तो वाचण्याजोग्या रूपात टिकवणे हे या संकेतस्थळांच्या चालकांपुढील, तसेच मराठी ग्रंथालये व विद्यापीठे यांच्यापुढील काम आहे.

हेही पाहा

• मराठी विकिपीडिया
• दिवाळी अंक
• चाळ
• गिरगाव
• सार्वजनिक गणेशोत्सव
• युनिकोड